मियाजिमा: समुद्रातले देऊळ आणि मिसेनचा डोंगर एका दिवसात पाहायचे असतील तर

आपला प्रश्न असा आहे: नोव्हेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात आपण पाच जण, त्यांत सत्तरीच्या घरातले आई-वडील, हिरोशिमाला मुक्कामी असाल आणि एक पूर्ण दिवस मियाजिमा बेटासाठी राखून ठेवला आहे. समुद्रातले इत्सुकुशिमा देऊळ आणि त्यामागचा मिसेन पर्वत ही दोन्ही ठिकाणे त्या एका दिवसात होतील का, गाइड घ्यावा की नकाशा हाती धरून स्वतःच फिरावे, आणि शाकाहारी माणसांनी जेवणाचे काय करावे, हे आपण विचारले आहे. मी बरीच वर्षे मराठी प्रवाशांचे गट घेऊन जपानला जातो आणि या बेटावर वेगवेगळ्या ऋतूंत पुष्कळदा गेलो आहे. दोन्ही ठिकाणे होतात आणि गाइड जरूर घ्यावा. आई-वडिलांनी शिखर सोडले तरी चालेल, पण डोंगर सोडू नये. दिवसाची आखणी मात्र घड्याळावरून न करता भरती-ओहोटीवरून करावी लागते, आणि नेमके हेच बहुतेक सहलींमध्ये होत नाही.

देऊळ पाण्यात का बांधले, हे कळले की आखणी आपोआप सुचते. मियाजिमा म्हणजे देवळाचे बेट. कागदोपत्री नाव इत्सुकुशिमा, आणि त्यातल्या पहिल्या शब्दाचा रोख शुचिर्भूत होऊन सेवा करण्याकडे आहे. सेतो या अंतर्गत समुद्रात मुख्य भूमीला अगदी लागून असलेल्या, सुमारे तीस चौरस किलोमीटरच्या या बेटावर देव राहतो असे न मानता, बेट हाच देव असे जुने लोक मानत. त्यामुळे त्याची जमीन नांगरायची नाही, झाड तोडायचे नाही, देवाच्या अंगावर पाय ठेवायचा तर जपून, अशी बंधने होती. मग उपासना करायची कुठे? जमीन आणि समुद्र यांच्या सीमेवर, जिथे भरतीचे पाणी येते आणि ओहोटीला निघून जाते, त्या पट्ट्यात. देवळाचा पाया 593 साली घातला गेला असे परंपरा सांगते, आणि आज दिसणारी त्याची मांडणी ताइरा नो कियोमोरी या सरदाराने 1168 च्या सुमारास उभी केली. आपल्याकडच्या भाषेत सांगायचे तर समुद्रातले देऊळ हा सभामंडप आहे आणि मिसेन हा गाभारा. ज्याने फक्त देऊळ पाहिले, त्याने सभामंडपात घंटा वाजवून परत फिरावे तसे केले.

ही शुचिता नुसती पुराणातली नाही. बेटावर आजही स्मशान किंवा दफनभूमी नाही. मृतदेह होडीने पलीकडच्या किनाऱ्यावर नेतात. पूर्वी बाळंतपणासाठीही बायकांना बेट सोडून पलीकडे जावे लागे. 1555 साली याच बेटावर मोरी मोतोनारी आणि सुए हारुकाता या दोन सरदारांत मोठी लढाई झाली. जिंकल्यानंतर मोतोनारीने मृतदेह बेटाबाहेर हलवले, देवळाच्या फळ्या धुऊन घेतल्या आणि रक्ताने भिजलेली माती खरवडून काढली, असे सांगतात. सध्याची मुख्य देवळाची इमारत त्यानेच 1571 साली नव्याने बांधलेली आहे. विजयाची कृतज्ञता आणि विटाळाचे प्रायश्चित्त ही दोन्ही त्या बांधकामात असावीत असे मला नेहमी वाटते.

आता भरती-ओहोटीकडे वळू. माझ्या अगदी पहिल्या गटाच्या वेळी मी ही गोष्ट गंभीरपणे घेतली नव्हती. आम्ही आरामात न्याहारी करून दुपारी साडेबाराला बेटावर उतरलो, तेव्हा पाणी अर्धवट उतरलेले होते. देऊळ तरंगत नव्हते, आणि समुद्रातल्या तोरीईपर्यंत, म्हणजे त्या प्रसिद्ध शेंदरी तोरणापर्यंत, चालत जाण्याइतकी वाळूही उघडी पडलेली नव्हती. पुढे रोपवेच्या रांगेत दीड तास गेला आणि वरून उतरलो तेव्हा अंधार पडत होता. गटातल्या एका निवृत्त शिक्षिका परतीच्या बोटीत म्हणाल्या, "चिखल मात्र छान पाहिला." त्या वाक्यानंतर मी भरती-ओहोटीचा तक्ता पाहिल्याशिवाय या बेटाचे तिकीट काढलेले नाही.

येथील समुद्राच्या पातळीतला फरक मोठा आहे. उधाणाच्या दिवशी तो जवळजवळ चार मीटरपर्यंत जातो. तक्त्यात पाण्याची उंची सेंटिमीटरमध्ये दिलेली असते. ती 250 च्या वर असली की देऊळ पाण्यावर तरंगल्यासारखे दिसते, आणि 100 च्या खाली गेली की तोरीईच्या बुंध्यापर्यंत चालत जाता येते. कोकणातल्या माणसाला हे सांगावे लागणार नाही, पण पुण्या-नागपूरकडच्यांसाठी सांगतो: पौर्णिमा आणि अमावास्येच्या आसपास उधाण असते आणि अष्टमीच्या आसपास भांग, म्हणजे भरती कमी आणि ओहोटीही कमी. हिरोशिमाच्या उपसागरात उधाणाच्या दिवसांत भरती साधारण सकाळी नऊ-दहाला आणि ओहोटी दुपारी तीन-चारला येते. पुढे रोज ती पाऊणएक तास उशिरा येते. आपल्या भिंतीवरच्या कॅलेंडरमधली तिथी पाहूनही पहिला अंदाज बांधता येतो, नेमक्या वेळा मात्र जपानच्या हवामान खात्याच्या तक्त्यातून घ्याव्यात.

याचा अर्थ असा की आपला दिवस पौर्णिमा किंवा अमावास्येच्या एक-दोन दिवस मागे-पुढे पडत असेल तर सकाळी साडेआठपर्यंत बेटावर पोहोचून आधी देऊळ पाहावे, दहा-साडेदहाला डोंगराकडे निघावे आणि तीन-साडेतीनला खाली येऊन ओल्या वाळूतून तोरीईपर्यंत चालत जावे. एकाच दिवशी एकच जागा दोन रूपांत दिसते, आणि मधला रिकामा वेळ डोंगराला लागतो तेवढाच असतो. भांगाच्या दिवसांत क्रम उलटा करावा. सकाळी पाणी उतरलेले असते, म्हणून आधी डोंगर करावा आणि दुपारी तीननंतर भरती आली की देऊळ पाहावे. त्या दिवशी तोरीईपाशी पाय कोरडे ठेवून जाता येईलच असे नाही. नोव्हेंबरच्या मध्यावर तिथे सूर्य पाचच्या सुमारास मावळतो हे या हिशेबात धरून ठेवा.

हिरोशिमा स्थानकातून जेआरच्या, म्हणजे जपान रेल्वेच्या, सान्यो मार्गाने मियाजिमागुचीला अर्ध्या तासात पोहोचता येते, आणि तिथून फेरीबोट दहा मिनिटांत पलीकडे नेते. शहरातून ट्रामही येते, पण तिला तासाहून अधिक वेळ लागतो. दोन कंपन्यांच्या बोटी आहेत. त्यांतली जेआरची बोट दिवसा तोरीईच्या जवळून वळसा घेऊन जाते, म्हणून जाताना तीच घ्यावी आणि उजव्या बाजूला उभे राहावे. ऑक्टोबर 2023 पासून प्रत्येक पाहुण्याकडून 100 येनचा प्रवेश कर घेतला जातो. जेआर पास असला तरी तो वेगळा भरावा लागतो.

तोरीई म्हणजे देवाच्या हद्दीचे तोरण. सध्याचे ओतोरीई, म्हणजे हे मोठे तोरीई, 1875 सालचे आहे, उंची साधारण साडेसोळा मीटर, वजन साठ टनांच्या आसपास. दोन मुख्य खांब अखंड कापूरवृक्षाचे आहेत, ज्याच्या लाकडापासून आपण आरतीला लावतो तो कापूर निघतो त्याच झाडाचे. कीड आणि पाणी या दोहोंना ते लाकूड दाद देत नाही. ऐकणाऱ्याला खरे वाटत नाही ती गोष्ट अशी की हे खांब जमिनीत पुरलेले नाहीत. चिखलात पाइनच्या खुंट्या ठोकून घट्ट केलेल्या तळावर ते नुसते उभे आहेत, आणि वरची आडवी तुळई आतून पोकळ ठेवून तिच्यात मुठीएवढे दगड भरलेले आहेत. त्या वजनानेच सगळा डोलारा लाटांना आणि वादळांना तोंड देतो. 2019 च्या जूनपासून 2022 च्या डिसेंबरपर्यंत त्याची मोठी दुरुस्ती चालू होती, आणि त्या काळात ते पूर्ण परांची-जाळ्यांनी झाकलेले असल्यामुळे कित्येक प्रवासी हिरमुसून परतले. खांबांच्या फटीत नाणी खुपसण्याची खोड लोकांना लागली होती. त्याने लाकूड कुजते. चंद्रभागेत नाणे टाकायची आपली सवय इथे आवरावी.

देवळात प्रवेश पूर्वेकडून आणि बाहेर पडणे पश्चिमेकडून, असा एकेरी मार्ग आहे. आपल्याला चुकल्यासारखे वाटेल, पण ओवऱ्यांमधून पादत्राणे घालूनच चालायचे असते. दारातल्या कुंडावर आधी डावा हात, मग उजवा धुवावा, ओंजळीतल्या पाण्याने चूळ भरावी. मुख्य देवापुढे दोनदा लवून, दोन टाळ्या वाजवून, पुन्हा एकदा लवावे. चालताना पायाखाली पाहा: ओवरीच्या फळ्या एकमेकींना चिकटवलेल्या नाहीत, दोन फळ्यांत मुद्दाम फट ठेवलेली आहे. उधाणाचे पाणी खालून वर रेटा देते तेव्हा ते या फटींतून वर येते आणि जमीन उखडत नाही. तरीही निसर्ग कधीकधी भारी पडतो. 1991 च्या वादळात समुद्रावरचा, 'नो' या जुन्या जपानी नाट्यप्रकाराचा रंगमंच कोसळला होता, आणि 2004 च्या वादळानेही देवळाचे बरेच नुकसान केले. मोडले ते पुन्हा तशाच पद्धतीने, त्याच जोडकामाने उभे करायचे, ही इथली रीत आहे. म्हणून "हे मूळचे बाराव्या शतकातले आहे का" या प्रश्नाचे उत्तर आराखड्यापुरते होय आणि लाकडापुरते नाही, असे द्यावे लागते.

मुख्य देवापुढे समुद्राच्या दिशेने जो उंच चौथरा आहे त्यावर बुगाकू हे दरबारी नृत्य होते. कियोमोरीने ते ओसाकाच्या शितेन्नो-जी मंदिराकडून इथे आणले. गाइडने इथे थोडे थांबून कियोमोरीची गोष्ट सांगायला हवी, कारण तिच्याशिवाय हा थाट कळत नाही. 1146 साली तो या प्रांताचा अधिकारी झाला, पुढे सत्तेच्या शिखरावर गेला, आणि 1164 साली त्याने सोन्या-चांदीने मढवलेल्या सद्धर्मपुंडरीक सूत्राच्या पोथ्या या देवळाला अर्पण केल्या; एकूण 33 गुंडाळ्यांचा तो संच आज जपानचा राष्ट्रीय ठेवा आहे. कियोमोरी 1181 मध्ये वारला, आणि अवघ्या चार वर्षांनी याच समुद्राच्या पश्चिम टोकाला, दान्नोउरा येथे, त्याच्या घराण्याचा निःपात झाला. त्याचा नातू असलेला बाल-सम्राट त्या लढाईत बुडाला. घराणे बुडाले आणि त्याने पाण्यावर बांधलेले देऊळ राहिले.

भारतीय प्रवासी दिसले की काही गाइड हमखास सांगतात, "ही तुमचीच सरस्वती." हे अर्धसत्य आहे आणि ते नीट समजून घ्यावे. इत्सुकुशिमाच्या मुख्य देवता मुनाकाताच्या तीन भगिनी आहेत, समुद्रप्रवासाचे रक्षण करणाऱ्या शिंतो, म्हणजे जपानच्या मूळ धर्मातल्या, देवता. त्यांपैकी इचिकिशिमाहिमे हिचे मध्ययुगात बेंझाइतेन या बौद्ध देवतेशी ऐक्य मानले गेले, आणि बेंझाइतेन म्हणजे चीनमार्गे जपानला पोहोचलेली आपली सरस्वती: वाणीची देवता, पाण्याशी नाते असलेली, हातात वीणेच्या जागी बिवा हे तंतुवाद्य. शेकडो वर्षे देवळात दोघींची पूजा एकत्र चालली. मग 1868 मध्ये मेइजी सरकारने शिंतो आणि बौद्ध यांची सक्तीने फारकत केली. बेंझाइतेनची मूर्ती देवळातून हलवून शेजारच्या दाइगान-जी मंदिरात ठेवण्यात आली. देवळातून बाहेर पडले की हे मंदिर लगेचच लागते, पण बहुतेक लोक ते न पाहता खाऊच्या गल्लीकडे वळतात. मूर्ती एरवी बंद दाराआड असते आणि वर्षातून एकदा, 17 जूनला, दर्शनासाठी उघडली जाते. आपल्याला ती दिसणार नाही, तरी त्या बंद दारापुढे दोन मिनिटे उभे राहावे असे मी प्रत्येक गटाला सांगतो.

त्याच फारकतीची आणखी एक खूण देवळामागच्या टेकाडावर आहे. 27.6 मीटर उंचीचा पाच मजली मनोरा 1407 सालचा. त्याच्या आतला भैषज्यगुरू बुद्धही तेव्हाच दाइगान-जीमध्ये गेला. त्याला लागून असलेली सेन्जोकाकु ही प्रचंड लाकडी इमारत तोयोतोमी हिदेयोशी या सत्ताधीशाने 1587 मध्ये सूत्रपठणासाठी बांधायला घेतली. 1598 मध्ये तो वारला आणि काम जिथल्या तिथे थांबले. आजही तिला छपराखाली तक्तपोशी नाही, धड भिंती नाहीत, रंग नाही. आत मात्र चपला काढाव्या लागतात. आई-वडिलांना विश्रांतीसाठी बेटावर यापेक्षा चांगली जागा नाही: गुळगुळीत झालेल्या फळ्या, तिन्ही बाजूंनी वारा आणि खाली समुद्र.

आता डोंगर. मिसेन 535 मीटर उंच आहे, आणि त्याच्या नावाचे मूळ शुमिसेन, म्हणजे सुमेरू, असे मानले जाते. 806 साली कूकाई, म्हणजे कोबो दाइशी, हा बौद्ध भिक्षू चीनमधून मंत्रयानाची दीक्षा घेऊन परतल्यावर इथे शंभर दिवस साधना करून गेला, अशी परंपरा आहे. पायथ्याचे दाइशो-इन हे शिंगोन पंथाचे मंदिर तेव्हापासूनचे मानतात. मराठी माणसाला या मंदिरात फारसे परके वाटत नाही. तिथला गोमा विधी म्हणजे शब्दाने आणि कृतीने आपला होमच. फुदो म्योओ हा अग्निज्वाळांनी वेढलेला उग्र देव म्हणजे अचल. शिळांवर कोरलेली सिद्धम् बीजाक्षरे देवनागरीच्या नात्यातली आहेत. एखादे अक्षर आपण स्वतःही ओळखू शकाल. जिन्याच्या मधोमध कठड्यावर महाप्रज्ञापारमिता सूत्र कोरलेली धातूची फिरती चाके ओळीने बसवलेली आहेत, ती फिरवत वर गेले की सूत्र वाचल्याचे पुण्य. जिना फार मोठा नाही, आणि गुडघे दुखत असले तरी हात चाकांवर टेकत सावकाश चढता येतो.

शिखराकडे जायला तीन पायवाटा आहेत. दाइशो-इनची वाट सर्वांत सुंदर, पण तिला दोन हजारांहून अधिक दगडी पायऱ्या आहेत आणि चढायला दीड ते दोन तास लागतात. आपल्या गटासाठी ती नको. रोपवे मोमिजिदानी स्थानकापासून निघतो. आधी लहान पाळण्यांतून दहा मिनिटे, मग गाडी बदलून मोठ्या पाळण्यातून चार मिनिटे, की आपण शिशिइवाला पोहोचतो. इथेच बहुतेकांचा घोटाळा होतो. रोपवे शिखरावर जात नाही. शिशिइवापासून शिखर एक किलोमीटर पुढे आहे, वाट आधी खाली उतरते आणि मग दगडी पायऱ्यांनी चढते. जायला अर्धा तास आणि यायला जवळजवळ तेवढाच. म्हणून मी असे सुचवतो की आई-वडिलांनी शिशिइवाच्या सज्जावरून सेतोच्या समुद्रातली बेटे आणि कालवांच्या शेतीचे तराफे पाहावेत, आणि ज्यांना जमेल त्यांनी निदान रेइकादोपर्यंत जावे. ते शिखराच्या अलीकडे, साधारण वीस मिनिटांवर आहे.

रेइकादो म्हणजे अखंड अग्नीचे घर. कूकाईने साधनेसाठी पेटवलेला अग्नी बाराशे वर्षे विझलेला नाही, अशी श्रद्धा आहे. आत काजळीने काळ्या झालेल्या छताखाली लोखंडी काहील चुलाणावर ठेवलेली असते आणि तिच्यातले गरम पाणी तीर्थ म्हणून पितात. डोळे चुरचुरतात, कपड्यांना धुराचा वास लागतो, आणि आमच्या गटातल्या आजीबाईंना हमखास आपल्या न्हाणीघरातला बंब आठवतो. 2005 मध्ये ही इमारत जळाली आणि पुढच्या वर्षी पुन्हा बांधली गेली. हिरोशिमाच्या शांती उद्यानात 1964 पासून तेवणाऱ्या ज्योतीसाठी ज्या अग्नींमधून ज्वाला आणल्या त्यांत हाही एक होता. आपण आदल्या दिवशी शांती उद्यान पाहणार असाल तर हा धागा गाइडला सांगायला लावा.

शरद ऋतूत रोपवेला लांब रांग लागते, जोराचा वारा असला की तो बंद राहतो, आणि वरून निघणारी शेवटची फेरी लवकर असते. ती वेळ वर चढण्यापूर्वीच फलकावर पाहून ठेवा. पिण्याचे पाणी खालूनच न्या. रोपवे बंद असला तर निराश न होता मोमिजिदानीच्या ओढ्याकाठी वेळ घालवा. मेपलचा बहर साधारण तिसऱ्या आठवड्यात भरात येतो, आपल्याला त्याची सुरुवात दिसेल. शिवाय हा ओढा नीट पाहण्यासारखा आहे. 1945 च्या सप्टेंबरमध्ये, म्हणजे अणुबॉम्बनंतर अवघ्या दीड महिन्यात, माकुराझाकी वादळाने डोंगराचा गाळ आणि दगडधोंडे याच ओढ्यातून थेट देवळाखाली आणून टाकले. 1948 ते 1950 या दोन वर्षांत जे बांध घातले ते तिथलेच दगड न फोडता, झाड न तोडता आणि सिमेंट डोळ्यांना दिसू न देता घातलेले आहेत. दाखवल्याशिवाय तिथे धरणकाम झाले आहे हे कोणाच्या लक्षात येत नाही. गाइडची किंमत वसूल होते ती अशा जागी.

गाइडविषयी स्पष्ट सांगतो. जपानमध्ये पूर्वी पैसे घेऊन परभाषेत मार्गदर्शन करायला सरकारी परवाना अनिवार्य होता. 2018 मध्ये कायदा बदलला आणि आता परवान्याविनाही ते करता येते. परवानाधारक गाइड महाग असतो, पण त्याची परीक्षा कठीण असते आणि इतिहास पक्का असतो. प्रवासखर्च आणि जेवण एवढ्यावर येणारे स्वयंसेवी गाइडही मिळतात, त्यांतले अनेक जण निवृत्त शिक्षक असतात आणि मनापासून बोलतात. पहिल्या पत्राला उत्तर देताना जो स्वतःहून आपली तारीख पाहून भरतीची वेळ कळवतो, तो घ्यावा, ही माझी साधी कसोटी आहे. दुसरे असे विचारावे की तो डोंगरावर आपल्याबरोबर चालणार की रोपवेच्या दारात निरोप घेणार. अर्ध्या दिवसाच्या बहुतेक सहली देवळापाशीच संपतात आणि जाहिरातीत डोंगराचे चित्र मात्र असते. आपल्या गटात दोन चालींची माणसे आहेत, तेव्हा गाइड शिखराकडे जाणाऱ्यांबरोबर जाईल आणि आई-वडिलांसोबत घरचे एक जण शिशिइवाला थांबेल, हे आधीच ठरवून ठेवा.

जेवणात जपून राहावे लागते. बेटाची ख्याती अनागोमेशी म्हणजे समुद्री वामीचा भात आणि भाजलेली कालवे यांच्यासाठी आहे. नूडल्सच्या साध्या दिसणाऱ्या रश्श्यातही सुकवलेल्या माशाचा अर्क असतो, म्हणून "मांस नको" एवढे सांगून भागत नाही. सकाळी हिरोशिमातूनच डबा न्यावा हे उत्तम. मोमिजी मांजू ही मेपलच्या पानाच्या आकाराची, आत लाल चवळीसारख्या कडधान्याचे गोड पुरण भरलेली वडी सगळ्यांना आवडते, पण तिच्या आवरणात अंडे असते. डबा उघडताना हरणांकडे लक्ष ठेवा. ती रस्त्यात मोकळी हिंडतात, दिसायला गरीब असतात, पण पिशवीतला नकाशा आणि खिशातले तिकीट क्षणात चघळून टाकतात. त्यांना काही खायला घालायला मनाई आहे. कचरा बरोबर परत न्यायचा असतो.

आठवण म्हणून काही घ्यायचे असेल तर भात वाढायची लाकडी पळी, शामोजी, घ्यावी. अठराव्या शतकाच्या अखेरीस सेइशिन नावाच्या भिक्षूने बेंझाइतेनच्या बिवाचा आकार पाहून ती बनवली आणि गावकऱ्यांना पोटापाण्याचा धंदा लावून दिला, असे सांगतात. ज्या बेटावर शेती करायची नाही तिथे असे काहीतरी हवेच होते. बाजारपेठेत 7.7 मीटर लांबीची एक भली मोठी शामोजी मांडून ठेवली आहे. माझ्या घरी गेली दहा वर्षे आंबेमोहोर वाढायला अशीच एक पळी आहे. सरस्वतीच्या वाद्याने वाढलेला भात म्हणून मुले तिच्यासाठी भांडतात.

बेटाभोवती होडीने प्रदक्षिणा घालून सात खाड्यांमधल्या सात देवळांचे दर्शन घेण्याची प्रथाही आहे. वाटेत एका देवळापुढे तांदळाचे गोळे पाण्यावर सोडतात आणि मिसेनवरून देवाचे कावळे येऊन ते उचलतात. आपल्याकडच्या पिंडाची आठवण येते, पण तिथे कावळा पितरांचा नसून देवींना ही जागा दाखवणारा वाटाड्या आहे. ही यात्रा ठरावीक वेळीच होते, तिला एका दिवसाच्या पाहुण्याने हात घालू नये. आषाढात परत येणार असाल तर गोष्ट वेगळी: जुन्या चांद्र पंचांगाच्या सहाव्या महिन्याच्या 17 तारखेला, म्हणजे बहुतेक वर्षी गुरुपौर्णिमेनंतर एक-दोन दिवसांत, देवीची पालखी तीन होड्या जोडून केलेल्या नौकेतून, दरबारी संगीताच्या साथीने रात्री समुद्रावर निघते. तिची तारीखही उधाण पाहूनच ठरलेली आहे.

शेवटी आपण न विचारलेली एक गोष्ट. हिरोशिमातल्या दोन रात्रींपैकी एक बेटावर काढता आली तर काढा. पाचनंतर दिवसाचे पाहुणे परततात, दुकाने मिटतात, आणि सुमारे दीड हजार वस्तीचे गाव आपल्या आवाजावर येते. तोरीईवर रात्री अकरापर्यंत दिवे असतात, आणि उधाणाच्या दिवसांत दुसरी भरती नेमकी नऊ-दहाला येते. लहान होडी आपल्याला त्या तोरणाखालून आत घेऊन जाते, जसे पूर्वीचे यात्रेकरू येत, समुद्राकडून. खोल्या थोड्या आहेत आणि नोव्हेंबरमध्ये त्या महिनोन्‌महिने आधी भरतात, तेव्हा तारीख नक्की होताच आधी तक्ता पाहा, मग खोली, आणि गाइडला सगळ्यांत शेवटी लिहा.